राखीव घर

प्रिय वहिनी,

हे पत्र दादाच्या दुकानाच्या पत्त्यावर पाठवते आहे, याचा राग मानू नकोस. घरच्या पत्त्यावर पाठवलं असतं तर ते तुझ्या आधी तुमच्या घरातल्या छोट्या फौजदाराच्या हाती पडलं असतं. फोनवर तर बोलायची सोयच नाही. तू फोन उचललास की ती शेजारी येऊन उभी राहते आणि पलीकडचा माणूस काय म्हणतोय ते तुझ्या चेहऱ्यावरून वाचते. नऊ वर्षांच्या मुलीला हे कुणी शिकवलं असेल, असा प्रश्न मला पहिल्यांदा पडला तेव्हा मी उत्तर चुकीचं काढलं. मला वाटलं, तू शिकवलंस.

तू दवाखान्यातून पोटावर हात धरून घरी आलीस तेव्हा मी सोफ्यावर बसलेले होते. तू विचारलंस, “अगं, तुझी सकाळची बस होती ना?” मी म्हटलं, चुकली. त्यावर तू म्हणालीस, लोकांच्या जळक्या गोदामांवर वेळेत हजर होणारी बाई स्वतःच्या बसला पोचत नाही. बस चुकली नव्हती, मी सोडली होती. का सोडली ते सांगायचं तर मला जरा मागून यावं लागेल, आणि वाटेत तुला माझा दोन-तीनदा राग येईल. येऊ दे. टाके ओले आहेत तोवर हसायचं टाळ एवढंच. रागाला डॉक्टरांची हरकत नसावी.

तुम्ही दोघांनी तिला बालकल्याण खात्याकडून सांभाळायला आणलंत तेव्हा मी काही बोलले नाही. न बोलणं हा माझा स्वभाव नाही, त्यामुळे ते तुला खटकलं असणार. बाकीचे मात्र बोलले. आपल्या मामांना कुणीतरी समजावून सांगितलं की, ज्या मुलांना घरचं कुणी बघू शकत नाही त्यांना खातं दुसऱ्या कुटुंबात ठेवतं आणि त्या कुटुंबाला दरमहा भत्ता देतं. मामांना त्या वाक्यातला शेवटचा तुकडा तेवढा ऐकू आला. म्हणाले, “वा, म्हणजे पोरगी जेवणार खात्याचं आणि नाव होणार यांचं. सोफे भरण्यापेक्षा हा धंदा बरा.” मामी म्हणाली, “अहो, हळू.” चूक बोलताय असं ती म्हणाली नाही, फक्त हळू बोला म्हणाली. मी त्या वेळी ताटातलं निमूट खात होते. मामांचं खरं असेल असं मला वाटत नव्हतं, पण ते खोटं आहे याला माझ्याकडे पुरावाही नव्हता, आणि पुराव्याशिवाय मी भावालाही सोडत नाही, हे तुला लग्न झाल्यापासून माहीत आहे.

माझ्या कामाचा हा दोष आहे म्हण. इतकी वर्षं विमा कंपनीसाठी लोकांचं नुकसान बघत फिरते. ज्याचं खरोखर जळलेलं असतं तो माणूस भलतंच काहीतरी बोलत बसतो, चपला कुठे गेल्या म्हणून शोधत राहतो. ज्यानं जाळलेलं असतं त्याला सगळं नीट, क्रमानं आठवतं. आणि घर जळालंय पण घरातले फोटो मात्र आधीच सुरक्षित जागी गेलेत असं दिसलं, की मी त्या घरचा चहासुद्धा घेत नाही.

मग गेल्या उन्हाळ्यात दादाचा फोन आला. म्हणाला, तिला दत्तक घेतोय. घेतलं की भत्ता बंद, तिच्या बोलण्याच्या शिकवणीचे पैसे खातं भरतं तेही बंद, दवाखान्याचा खर्चही आपला. एखाद्या खुर्चीचं जुनं कापड काढून नवं चढवायचं असावं अशा आवाजात सांगत होता. आणि पुढे म्हणाला की, आम्ही दोघंही पन्नाशीपलीकडची, म्हणून खात्याला जवळच्या नातेवाइकाची लेखी हमी हवी आहे. आमचं दोघांचं काही बरंवाईट झालं तर मुलगी मी सांभाळीन, अशी. ती हमी नसेल तर अर्ज पुढे सरकत नाही. जवळची नातेवाईक म्हणजे मीच. मामांना विचारलं असतं तर त्यांनी आधी विचारलं असतं, त्या वेळी भत्ता पुन्हा सुरू होईल का. मी म्हटलं, “बघते.” माझं ‘बघते’ दादा लहानपणापासून ओळखतो. त्यानं पुढं विचारलं नाही, आणि तू तर एका शब्दानंही विचारलं नाहीस. तू विचारलं नाहीस म्हणून माझ्या मनात पहिली पाल चुकचुकली.

कारण बघ, चालू असलेले पैसे माणूस आपणहून बंद करायला निघाला की मला झोप लागत नाही. असल्या माणसाला पुढे काहीतरी मोठं दिसत असतं, नाहीतर त्याला त्या भानगडीतून अंग काढून घ्यायचं असतं आणि मधे अर्ज, हमी, दिरंगाई असं काहीतरी कारण हवं असतं. ‘आम्ही तर घेणारच होतो हो, पण नणंदेनं सही केली नाही.’ माझ्या डोक्यात हे वाक्य तुझ्या आवाजात तयार झालं होतं. तुला पटणार नाही, पण तू ते फार छान म्हणत होतीस.

तेवढ्यात तुझ्या पित्ताशयातल्या खड्यांनी उचल खाल्ली आणि तू दवाखान्यात गेलीस. मी रजा टाकून आले. सगळ्यांना वाटलं मी मदतीला आले. थोडंसं मलाही वाटलं. पण घरात शिरल्यावर मी पिशवी ठेवली, हात धुतले आणि फ्रिज उघडला. दूध, अंडी, फळं, सगळं होतं. खालच्या कप्प्यात एक छोटा डबा होता, त्यावर चिकटपट्टी, आणि पट्टीवर मुलीच्या अक्षरात ‘उद्या’. आत अर्धं केळं आणि केकचा एक तुकडा. मी मनात म्हटलं, अच्छा, म्हणजे पोरीला अर्धं आज आणि अर्धं उद्या. फौजदार स्वयंपाकघराच्या दारात उभी राहून माझ्याकडे बघत होती. म्हणाली, “वरचं कपाट पण बघणार का?” मी म्हटलं, “का, वर काय आहे?” “काही नाही. सगळे बघतात.” मला वाटलं, पोर मला काहीतरी सुचवतेय. तेव्हा मी वरचं कपाट पण पाहिलं. तिनं मला स्टूल आणून दिलं. आणि मी उतरल्यावर ते जागच्या जागी ठेवलं.

त्यानंतर मी जे काही केलं त्याला तुझ्या घरात मदत म्हणतात आणि माझ्या ऑफिसात पाहणी. कपडे वाळत घालताना तिच्या फ्रॉकचे काठ पाहिले, दोनदा उसवून लांब केलेले. बूट बरे होते, पण दप्तर शिवलेलं. मग खात्याचे पैसे जातात कुठे? दादा संध्याकाळी दुकान बंद करून घरी यायचा, गिळल्यासारखं जेवायचा आणि पुन्हा बाहेर. कुठे जातोस विचारलं तर म्हणे, “आहे जरा काम.” आपला दादा, ज्याला खोटं बोलता येत नाही म्हणून लहानपणी मार मीच खायचे, तो माझ्याकडे न बघता ‘आहे जरा काम’ म्हणतो म्हटल्यावर मी काय समजायचं? मी जे समजायचं ते समजले, आणि भांडी जरा जास्तच आपटून घासली.

मग बॅग सापडली. मुलीच्या खोलीत दाराआड, निळी, चाकांची, चांगल्यापैकी. हलवली तर जड. वहिनी, मी ती उघडली. बरोबर का चूक, ते नंतर ठरव. आत तिचे सगळ्यात चांगले कपडे होते. घालायला उसवलेले काठ, आणि बॅगेत लेबलही न काढलेला स्वेटर. दात घासायचा नवा ब्रश. हातरुमाल. आणि एका पाकिटात फोटो. तू स्टुडिओत प्रिंट काढायच्या मशीनवर बसतेस, त्यामुळे घरात फोटो असणार यात नवल नव्हतं. पण बाहेरच्या अल्बममधला प्रत्येक फोटो त्या पाकिटात दुसऱ्यांदा होता. शाळेतला, दुकानातला, तू तिला पोहायला घेऊन गेली होतीस तिथला. तोच आकार, तोच कागद. कुणीतरी एक प्रत घरासाठी आणि एक प्रत जाणारीसाठी, अशी पद्धतशीर वाटणी केली होती. मी बॅग बंद केली आणि पलंगाच्या कडेवर बसले. फोटो आधीच बाहेर निघाले होते, आग लागायची तेवढी बाकी होती.

आता मी कान देऊन ऐकायला लागले. ती तुला काकू म्हणते, दादाला काका. इतका काळ एका घरात राहून, दत्तकाचा अर्ज गेलेला असून, काकू. मी मुद्दाम विचारलं, “आई म्हण असं काकू कधी सांगत नाही का गं?” ती म्हणाली, “नाही. काकू म्हणाली, जे पाहिजे ते म्हण, मला हाक कळली म्हणजे झालं.” हे मी तुझ्याविरुद्ध लिहून ठेवलं. कागदावर नाही गं, मनात. पण तिथलं अक्षर माझं फार चांगलं आहे.

आणि तू दवाखान्यात मला जे सांगितलंस त्यानं तर माझी खात्रीच झाली. आठवतं ना, सलाइन संपत आलं होतं आणि तू भिंतीकडे तोंड करून बोलत होतीस. म्हणालीस, खात्याच्या बाईंनी तिला एकटीला बसवून विचारलं, तुला यांच्याकडे कायमचं राहायचं आहे का. तिच्या वयाच्या मुलीचं ‘हो’ लागतंच म्हणे. आणि ती म्हणाली, विचार करून सांगते. बाई पुन्हा येऊन गेल्या, तरी तेच. तू म्हणालीस, “तुझी सही नसली तर नसो, ते बघता येईल. पण तिलाच मी नको असेन तर काय करू गं?” मी नुसती तुझी चादर नीट केली. तुला वाटलं असेल मला भरून आलं. मी विचार करत होते, पोर उगाच थांबलेली नाही, तिनंही ती बॅग पाहिलीय. खरं सांगते वहिनी, त्या क्षणी तू मला फार हुशार बाई वाटलीस. इतकं खरं रडणं मी जळक्या दुकानांतही क्वचित पाहिलंय.

म्हणजे माझं प्रकरण तयार होतं. भत्ता नको झालाय कारण मूल नको झालंय, मूल नको झालंय म्हणून बॅग भरलीय, आणि दोष माझ्या न केलेल्या सहीवर जाणार. एकही सांधा निसटत नव्हता. असं सगळं नीट जुळलं की मी एरवी कामावर आणखी एकदा तपासते. घरच्या माणसांच्या बाबतीत ती तसदी घेतली नाही.

तू घरी यायचा दिवस ठरला तो माझ्याही जाण्याचा होता. सकाळची बस, दुपारी रंगाच्या एका गोदामाची पाहणी. दादा तुला आणायला बाराला निघणार होता. मी पिशवी घेऊन बाहेरच्या खोलीत आले, तर फौजदार दाराशी उभी. शाळेचे नाही, बाहेर जायचे बूट घातलेले, नाड्या दुहेरी बांधलेल्या. केस स्वतःचे स्वतः विंचरलेले, भांग वाकडा. अंगात तो लेबलवाला स्वेटर, लेबलासकट, आणि हवा अशी की माझ्या पाठीला घाम येत होता. शेजारी निळी बॅग. मला म्हणाली, “मी तयार आहे.” दादा चहाचा कप घेऊन आला आणि हसला. म्हणाला, “काय फौजदार, आत्याला पोचवायला निघालात का?” ती त्याच्याकडे बघेना. मलाच विचारलं, “काकूला सांगून जायचं की ती आल्यावर काका सांगणार?” मी म्हटलं, “काय सांगायचं?” तर मोठ्या माणसासारखी, मला सोपं जावं म्हणून समजावून सांगायला लागली, “नाही सांगितलं तरी चालतं. सांगितलं की लोक रडतात, मग उशीर होतो. तुमची बस आहे ना.”

दादानं चहाचा कप खाली ठेवला. मीच मग कसंबसं विचारलं की, अगं, तू कुठे निघालीस? ती म्हणाली, ते तुम्हाला माहीत. म्हणाली, पहिल्या घरी एक बाई आल्या होत्या, त्यांनी फ्रिज उघडला आणि पलंग बघितला, मग मी तिथून गेले. मग एका आजींकडे होते, त्या आजी दवाखान्यात गेल्या, तेव्हा दुसऱ्या बाई आल्या, त्यांनी पण फ्रिज उघडला. “तुम्ही पहिल्याच दिवशी उघडलात. वरचं कपाट पण बघितलं. माझी बॅग पण बघितली, स्वेटरची घडी उलटी घातलीत.” आणि मग, तक्रार म्हणून नाही, नुसती माहिती म्हणून, “मला वाटलं होतं काकू यायच्या आतच न्याल. तसंच करतात.”

वहिनी, मी इतक्या लोकांना पकडलंय. मला कुणी असं पकडलेलं नव्हतं. आणि पकडणारीचा आवाज जरासुद्धा चढलेला नव्हता. तिनं एक पाहणी करणारी बाई अचूक ओळखली होती. फक्त ती बाई कुणाच्या वतीनं आलीय, एवढंच चुकलं. कारण कुणीही न पाठवता, आपल्या खुशीनं असली कामं करणाऱ्या बायका असतात, हे तिला अजून माहीत नव्हतं.

मी तिला म्हटलं, तू कुठेही जात नाहीस. तिनं मान हलवली, पण बॅगेच्या दांडीवरचा हात काढला नाही. आपण दुकानदाराला ‘हो हो, उद्या देतो’ म्हटल्यावर तो जशी मान हलवतो, तशी. तेव्हा मला कळलं की हिला तोंडी सांगून उपयोग नाही. मी पिशवी खाली ठेवली, चपला काढल्या आणि बाहेरच्या पायरीवर जाऊन बसले. खालच्या रस्त्यावरून माझी बस जाताना दिसली. तिनंही पाहिली. बस वळणावरून दिसेनाशी झाली तेव्हा ती बॅग घेऊन बाहेर आली आणि माझ्या शेजारी बसली, मधे बॅग ठेवून.

मग तिनं चौकशी सुरू केली. “मग कपाटं का बघत होता?” मी खरं सांगितलं. आता सांगायला दुसरं काही सुचलंही नसतं. म्हटलं, तुझी काकू तुला परत पाठवणार आहे की काय, ते बघत होते. तिनं जरा विचार केला. “मग? काय दिसलं?” “मला वाटलं, पाठवणार.” ती म्हणाली, “मला पण वाटतं कधीकधी.” असं म्हणून आम्ही दोघी रस्त्याकडे बघत बसलो. इतक्या वर्षांत माझ्याशी कुणाचं इतकं पटलेलं मला आठवत नाही. मी म्हटलं, बॅग बघून वाटलं. तर तिनं माझ्याकडे अशी नजर टाकली, जणू मी अगदीच कच्ची आहे. “बॅग माझी आहे. मी भरते. काकूनं एकदा रिकामी केली होती, तेव्हा मी जेवले नाही. मग काकू म्हणाली, बरं, राहू दे भरलेली, पण कपडे लहान व्हायला नकोत. म्हणून आम्ही मधूनमधून बदलतो.” चांगले कपडे आत का, तर अर्थातच, नव्या घरी चांगलं दिसायला लागतं. फोटो का, तर आधीच्या घरांचा तिच्याकडे एकही नाही. तिनं मागितले आणि तू काही न विचारता दुसरी प्रत काढलीस. ‘उद्या’चा डबाही तिचाच. उद्याचं काय सांगावं, असं तिचं म्हणणं.

तू कपडे बदलतेस, हे मला कुणी सांगितलं नव्हतं. ती तुझ्याकडून निघून जायची तयारी करते, आणि तू तिच्या शेजारी बसून त्या बॅगेत एक माप मोठा स्वेटर ठेवतेस. मी तुझ्या जागी असते तर बॅग माळ्यावर टाकली असती आणि वर तिला उपदेश केला असता. माझ्या हातून तुझ्यावर झालेले बाकीचे आरोप मी मागे घेते. तू जरा जास्त मीठ घालतेस, तो तेवढा कायम आहे.

दादाचंही ऐक. तो आमच्या मागे उंबऱ्यावर बसून सगळं ऐकत होता. ती पाणी प्यायला आत गेली तेव्हा मी विचारलं, तू संध्याकाळी जातोस कुठे? म्हणाला, जुन्या नाट्यगृहाच्या खुर्च्या भरायचं काम घेतलंय. भत्ता बंद झाल्यावर शिकवणी बंद पडायला नको. पहिलं अर्धं वर्ष ती घरात एक शब्द बोलली नव्हती, शिकवणीच्या बाईंनी तिला बोलती केली, आता कुठे वाक्यं पुरी करते. फ्रॉकपेक्षा ते महत्त्वाचं. तुला सांगितलं नाही, कारण तू ऑपरेशन पुढे ढकललं असतंस. मी तुला सांगितलं हे त्याला सांगू नकोस, किंवा सांग, पत्र त्याच्याच हातून येतंय. आणि मी एका रात्रीत भाबडी झाले असंही समजू नकोस. मामांबद्दलचं माझं मत जिथल्या तिथे आहे. खात्याबद्दल तर नव्यानं संशय आलाय. परक्याची म्हणून सांभाळली तर पैसे, आपली म्हटली की त्या दिवसापासून बंद, हा नियम ज्यानं केला त्यानं बहुतेक मूल फक्त लांबून पाहिलं असावं. मी खात्याच्या बाईंना हे विचारणार आहे, आणि दत्तकानंतरही काही मदत चालू ठेवता येते का तेही बघणार आहे. हे ‘बघते’ दादाला फोनवर म्हटलं होतं तसलं नाही.

आता ज्यासाठी कागद काढला ते. तू भिंतीकडे तोंड करून विचारलं होतंस त्याचं उत्तर मला त्या पायरीवर मिळालं. मी ते विचारायलाही गेले नव्हते. ती पाणी पिऊन आली आणि म्हणाली, “काकूचं साधं ऑपरेशन आहे असं काका म्हणाले. आजींचं पण साधंच होतं.” आणि मग, “काका-काकू दोघं नसले तर मी तुमच्याकडे, असं आहे ना? म्हणजे तुम्ही राखीव.” मी म्हटलं, तसं म्हण. ती म्हणाली, राखीव घर बघितल्याशिवाय हो कसं म्हणणार, एकदा हो म्हटलं की नाही म्हणता येत नाही. वहिनी, तिला तू हवी आहेस. इतकी हवी आहेस की तुझ्यानंतरचं काय, ते पक्कं झाल्याशिवाय ‘हो’ म्हणायची तिला भीती वाटते. ती तुला नकार देत नव्हती, माझी वाट बघत होती, आणि मी ‘बघते’ म्हणून बसले होते. हमीच्या कागदावर मी सही करून ठेवलीय, पण तो खात्याकडे पाठवलेला नाही. तिनं आधी घर बघावं. पुढच्या रविवारी तिला घेऊन ये, टाके परवानगी देत नसतील तर दादाबरोबर पाठव. माझी सगळी कपाटं उघडी ठेवते, स्टूलही काढून ठेवते. फ्रिजमध्ये सध्या दोन लिंबं आणि औषधाची बाटली आहे, त्यामुळे नापास होण्याची मला खरोखरच धास्ती आहे, आणि रविवारच्या आत काय काय भरून ठेवावं ते मला वेगळ्या कागदावर लिहून पाठव. बॅग ती आणणारच, आणू दे, तू काही बोलू नकोस. फक्त या पाकिटात त्याच संध्याकाळची, तुमच्या गावाकडे परतायची तिकिटं आहेत. एक तुझं किंवा दादाचं, जो येईल त्याचं. तिचं मी वेगळं काढलंय, तिच्या नावाचं. ते तू जपून ठेवू नकोस, आधीच तिच्या हातात दे.

तुझीच,
अजून निकाल न लागलेली नणंद